खिशातला सह्याद्री

डोंगरात जायचं ठरलं की लोक आधी बूट बघतात, पाण्याच्या बाटल्या बघतात, निदान हवा तरी बघतात. मी फोनमधली जागा बघतो. केळदहून उपांड्या घाटाने कोकणात उतरायचं आणि मढे घाटाने परत वर यायचं, असा बेत ठरला त्या रात्री जेवण झाल्याबरोबर मी फोन चार्जिंगला लावला, भिंतीशी खाली बसकण मारली आणि महाराष्ट्र उतरवून घ्यायला सुरुवात केली. सगळा. जायचं होतं वेल्हे तालुक्याच्या एका टोकाला. पण वाट चुकून माणूस गडचिरोलीत निघाला तर काय, या विचाराने मला झोप येईना. मग गोवा घेतला. गोवा लहान, चटकन उतरतो, आणि एकदा कोकणात पाय ठेवला की पुढचं कोणी सांगावं! कर्नाटकालाही हात घातला होता, पण बेळगावच्या आसपास कुठेतरी फोनने जागा संपल्याचं कळवलं.

जागा करणं आलं. शुभेच्छांचे फुलांचे फोटो गेले, हाउसिंग सोसायटीच्या सभेची इतिवृत्तं गेली, आणि मेहुण्याच्या लग्नातला वरातीचा व्हिडिओ गेला. (हे मेहुण्याला आत्ता, हा लेख वाचतानाच कळतंय.) त्या जागेत समोच्च रेषा बसल्या. नकाशा आणि समोच्च रेषा वेगवेगळ्या उतरवाव्या लागतात, हे बऱ्याच जणांना ठाऊक नसतं. नुसता नकाशा घेतला तर डोंगर आणि क्रिकेटचं मैदान सारखंच सपाट दिसतं. मला हे ठाऊक होतं. ठाऊक असण्याचा मला अभिमानही होता, आणि तो मी रात्री अकरा वाजता बायकोला उठवून व्यक्त केला.

"वाट चुकणार याची तुम्हाला एवढी खात्री आहे, तर जायचंच कशाला?" ती म्हणाली आणि कूस बदलून झोपली.

बायकांना तयारीतला आनंद कळत नाही. माझ्या पिढीने लहानपणी शाळेच्या भिंतीवर कापडी नकाशा बघितला, तोही खालून छडी लागून फाटलेला. आता जगातले हौशी लोक मिळून सगळ्या पृथ्वीचा नकाशा काढतात आणि फुकट देतात. स्टीव्ह कोस्ट नावाच्या एका इंग्रज तरुणाने २००४ साली ओपनस्ट्रीटमॅप सुरू केला, आणि आज त्यात सह्याद्रीतल्या ज्या रानवाटा दिसतात त्या कुठल्या सरकारने काढलेल्या नाहीत. कोणी एक ट्रेकर त्या वाटेने गेलेला असतो, फोनवर आपला माग नोंदवलेला असतो, आणि घरी येऊन पाय शेकत शेकत त्याने ती रेघ नकाशावर ओढलेली असते. या यज्ञात आपलीही समिधा पडावी असं मला फार वाटायचं. म्हणून माग नोंदवून लोकांना वाटायचं एक ॲपही मी घेतलं. उतरल्यावर दमायला होईल म्हणून नाव आणि वर्णन आदल्या रात्रीच भरून ठेवलं: 'उपांड्या घाट. सोपी वाट. कुटुंबासह योग्य.' रेंज आली की माग आपोआप वर चढेल, अशी सोयही करून ठेवली.

शेजारच्या अण्णांना ही तयारी दाखवायला गेलो तेव्हा ते पेटीतून एक घडी काढून बसले होते. अण्णा सत्तरच्या दशकातले डोंगरभटके. त्यांच्याकडे भारतीय सर्वेक्षण विभागाचे नकाशे आहेत, म्हणजे टोपोशीट. ज्या खात्याची स्थापना १७६७ सालची, त्या खात्याला शोभतील इतके जीर्ण. दोन सेंटिमीटरला एक किलोमीटर, दर वीस मीटर उंचीला एक रेषा, आणि पुणे-भोरकडचा सगळा मुलूख '४७ एफ' या मालिकेत. त्या काळी असा एक तक्ता मिळवायचा तर कचेरीत अर्ज करा, कारण सांगा, अशा खेपा. सीमेवरचे आणि समुद्रकाठचे तर मिळायचेच नाहीत. मग ज्याला मिळाला त्याच्याकडून बाकीचे झेरॉक्स काढून घ्यायचे. अण्णांची प्रत अशीच झेरॉक्स होती, आणि तिच्यावर त्यांनी लाल-निळ्या स्केचपेनने रेघोट्या मारल्या होत्या.

"हे काय अण्णा, नातवाने रंगवलं?"

"मी रंगवलंय. झेरॉक्सवर ओढा कुठला आणि पायवाट कुठली हे कळत नाही रे. दोन्ही काळंच. म्हणून मूळ नकाशा बघून पायवाट लाल करायची आणि ओढा निळा. एकदा केलं की आयुष्याचं काम होतं."

मी हसलो. प्रेमाने हसलो, पण हसलो. त्यांना फोनवर दोन बोटांनी डोंगर मोठा-लहान करून दाखवला. अण्णांनी चष्मा वर करून बघितलं आणि विचारलं, "घडी कशी घालायची याची?"

डिसेंबरातल्या एका रविवारी आम्ही चौघं निघालो: मी, बायको, मेहुणा आणि त्याची इंजिनीअरिंगला असलेली मुलगी. नसरापूर सोडलं तेव्हा रेंजच्या काड्या पुऱ्या होत्या. वेल्ह्याला, तोरण्याच्या पायथ्याशी, निम्म्या राहिल्या. पासली मागे पडली आणि केळदची खिंड आली तशी शेवटची काडीही गेली. गाडीतल्या इतर तिघांचे चेहरे उतरले. माझा उजळला. ज्या क्षणासाठी मी गडचिरोलीपर्यंतचा प्रदेश खिशात घातला होता तो क्षण आला होता.

"सगळ्यांनी फोन विमानात घाला," मी फर्मावलं.

रेंज नसलेल्या जागी फोन टॉवर शोधत बसतो आणि त्यातच बॅटरी खलास होते. म्हणून विमानाचं बटण दाबायचं असतं. उपग्रहाला त्याने काही फरक पडत नाही, कारण जीपीएसला इंटरनेट लागत नाही, सिमकार्ड लागत नाही, काहीच लागत नाही. हे मी पंधरा मिनिटं समजावून सांगितलं. मेहुण्याने शांतपणे ऐकलं आणि विचारलं, "दाजी, खुर्चीचा पट्टा बांधू का?"

केळदला गाडी लावली. हवा छान होती, समोर कोकणात उतरणारा कडा, खाली धुकं. तिघं ते बघत होते. मी फोन आकाशाकडे धरून उभा होतो, कारण ठिपका येत नव्हता. बॅटरी वाचवायची म्हणून फोन रात्रभर बंद ठेवला होता, आणि रेंज गेल्यावरच तो सुरू केला होता. आता होतं असं, की उपग्रह असतात सुमारे २०,२०० किलोमीटर उंचीवर, आणि ते आपली माहिती खाली सोडतात सेकंदाला ५० बिट या गतीने. कुठला उपग्रह कधी कुठे असेल याचं सगळं पंचांग यायला साडेबारा मिनिटं लागतात. रेंज असली की फोन ही माहिती इंटरनेटवरून डोळ्याचं पातं लवायच्या आत आणतो. नसली की बिचारा आकाशातून थेंब थेंब गोळा करतो. चालू उपग्रहाची कामापुरती ओळख अर्ध्या मिनिटातही होते, पण त्यासाठी फोन उघड्यावर, एका जागी, निवांत धरायचा असतो. मी तो हलवत होतो.

गावातली दोन पोरं, एक म्हातारी आणि एक कुत्रं एवढी मंडळी माझ्याभोवती जमली. पोरांचा अंदाज होता की मी ड्रोन उडवतोय आणि तो हरवलाय.

शेवटी उपग्रह लागले. भाचीच्या फोनमध्ये त्यांची यादी दिसायची सोय होती: अमेरिकेचे, रशियाचे, युरोपचे, चीनचे. "चीनसुद्धा आपल्याला वाट दाखवतोय?" मेहुण्याला भरून आलं. "उगाच आपण त्यांचे दिवे घ्यायचे बंद केले."

एवढ्यात एक मामा काठी टेकत आले. डोक्याला टॉवेल, पायात टायरच्या चपला. "खाली जायचं का, साहेब? पाचशे द्या, कर्णवडीच्या पांदीला लावून देतो. मधी ढोरवाटा लई हाईत, चुकाल."

मी हसून फोन पुढे केला. मामांनी तो दोन्ही हातांत, अंगारा घेतात तसा घेतला. बराच वेळ बघून म्हणाले, "ह्यात आमचं घर हाय का?"

घर नव्हतं. केळद होतं, रस्ता होता.

"गोठा?"

गोठाही नव्हता.

"मग हाय काय?" मामांनी फोन परत दिला.

आता त्यांना समोच्च रेषा कुठे समजावणार? बायकोने माझ्या कोपराला हात लावला, "घ्या ना त्यांना बरोबर." पण एकदा माणूस बरोबर घेतला की नकाशाला अर्थ काय राहिला? त्यापेक्षा मामांसमोर प्रात्यक्षिक करून दाखवावं म्हणून मी सगळ्यांच्या फोनमध्ये असतं ते साधं नकाशाचं ॲप उघडलं. त्यातही हा भाग मी उतरवून ठेवला होता, एकाला दोन म्हणून. 'कर्णवडी' टाकलं. कर्णवडी आमच्या पायाखाली होती. धुकं नसतं तर तिची कौलं दिसली असती. ॲपने क्षणभर विचार केला आणि निळी रेघ काढली: मागे वेल्हे, तिथून महामार्ग, तिथून भोर, भोरहून वरंध घाट उतरून कोकण, आणि मग वळून पुन्हा या डोंगराच्या पोटाशी. रेंज नसताना ते ॲप गाडीचा रस्ता तेवढा सांगतं; चालायची वाट सांगत नाही. सपाट शहरात ही अडचण ध्यानात येत नाही. कड्याच्या टोकावर उभं राहिल्यावर येते.

"ह्या वाटंनं आमी तालुक्यालाबी जात न्हाई," मामा म्हणाले.

मी ते ॲप बंद केलं आणि आम्ही निघालो.

सुरुवातीची वाट देखणी होती. मळलेली, गर्द झाडीतून फिरत उतरणारी, दोन्ही बाजूंना कारवीच्या वाळक्या काड्या. नकाशावर तुटक रेषा, रेषेवर ठिपका, ठिपक्यावर मी. दर शंभर पावलांवर थांबून मी जाहीर करत होतो की आपण बरोबर आहोत. वास्तविक वाट एकच होती. तिच्यावर बरोबर असण्यावाचून गत्यंतर नव्हतं. पण बरोबर असणं आणि बरोबर आहोत हे उपग्रहाकडून कळणं यात फरक आहे. मेहुणा म्हणाला, त्याला तो जाणवत नाही.

मढे घाटातून तानाजी मालुसऱ्यांचा देह सिंहगडावरून उमरठला नेला, अशी या भागातली आठवण आहे. बायको भाचीला ते सांगत होती. सांगून झाल्यावर माझ्याकडे न बघता म्हणाली, "अंधारात, खांद्यावर पालखी घेऊन उतरली ती माणसं. थांबत थांबत गेल्याचं कुठे वाचलं नाही."

स्क्रीन सतत चालू ठेवल्याने बॅटरी निम्म्यावर आली होती. मी फोनमधलं अतिबचतीचं बटण दाबलं. सगळं चित्र करडं झालं. रंग गेले तर जाऊ देत, रेषा कुठे जातात? तुटक रेषा होती तशीच होती.

एका सपाटीवर वाट फुटली. डावीकडची रुंद, पावलांनी गुळगुळीत झालेली, मधल्या दगडावर कोणी खुणेला तीन दगड रचलेले. उजवीकडे झाडीत शिरणारी एक पुसट खोलगट जागा. फोनवरची रेषा उजवीकडे जात होती. माझ्या मनात शंका आली नाही. डावीकडे गेली ती ढोरवाट. मामांनीच सांगितलं होतं, ढोरवाटा लई हाईत. दगड रचलेत ते गुराख्यांच्या पोरांनी खेळताना रचले असणार.

"अहो, ही वाट आहे?" बायकोने पहिल्या मोठ्या धोंड्यावरून उतरताना विचारलं.

"ही नाळ आहे."

हे उत्तर वाटतं तितकं पोकळ नव्हतं. सह्याद्रीत जुन्या वाटा सरळ ओढ्याच्या घळीतून उतरतात. लिंगाण्याशेजारची बोराट्याची नाळ आहे, हरिश्चंद्रगडाची नळीची वाट आहे. तिथे दगडधोंड्यांतूनच उतरायचं असतं, आणि लोक हौसेने उतरतात. हे मी त्यांना एकेक उदाहरण देत, प्रत्येक धोंड्यावर बसून, पाय सोडून, मग पँट सोडवत सांगत गेलो.

"पण उपांड्या हा घाट आहे ना, दाजी? नाळ नाही."

"शब्दात अडकू नकोस."

मेहुणा शब्दात अडकला नाही. करवंदीच्या जाळीत अडकला. त्याला सोडवण्यात बराच वेळ गेला. भाची पुढे जाऊन परत आली आणि म्हणाली की पुढे पावलांच्या खुणा नाहीत, खाऊचा कागदसुद्धा नाही. महाराष्ट्रातल्या डोंगरात जिथे वेफरचं एकही पाकीट पडलेलं नाही तिथे माणूस जात नाही, हा तिचा तर्क मला आजही पटतो. पण तेव्हा मी ठिपका बघितला. ठिपका रेषेवर होता. इकडेतिकडे नव्हे, रेषेच्या बरोब्बर मधोमध. उपग्रह, अणुघड्याळं आणि चीन एकमुखाने सांगतायत की तुम्ही रेषेवर आहात, तर एका वेफरच्या पाकिटासाठी परत फिरायचं?

घळ अरुंद झाली. दोन्ही बाजूंच्या भिंती उंच होत गेल्या, आकाशाची पट्टी उरली. आणि मग समोरची जमीन संपली.

पावसाळ्यात तिथे धबधबा असतो. डिसेंबरात पाणी नव्हतं. काळा, शेवाळ वाळलेला कातळ सरळ खाली गेला होता, चाळीसेक फूट, आणि तळाशी एक हिरवट डबकं. मी तातडीने समोच्च रेषा बघितल्या. रेषांमध्ये कडा नव्हता. उतार होता, जरा तीव्र, पण सभ्य उतार.

याचाही खुलासा आहे, आणि तो मी त्या कड्याच्या टोकावर, एका हाताने मुळी धरून दिला. फोनमधल्या डोंगरांची उंची बहुतेक ठिकाणी येते ती फेब्रुवारी २००० मध्ये 'एन्डेव्हर' या अवकाशयानाने ११ दिवसांत रडारने केलेल्या मोजणीतून. तिच्यात साधारण तीस-तीस मीटरच्या चौकोनाला एक उंची मिळते. सह्याद्री मात्र साडेसहा कोटी वर्षांपूर्वीच्या लाव्हाच्या थरांचा. एक थर सरळ तुटतो, मग सपाटी, मग पुन्हा तुटतो. तीस मीटरच्या चौकोनात असा एखादा तुटलेला थर गुळगुळीत होऊन जातो. त्यातून रेषा दर वीस मीटरला काढलेल्या. चाळीस फूट म्हणजे बारा मीटर. वीस मीटरच्या दोन रेषांमध्ये तो कडा आरामात बसतो आणि वर हवेला जागाही राहते.

"म्हणजे नकाशात हा कडा नाही," बायको म्हणाली.

"नाही."

"मग उतरा."

मी पुन्हा फोनकडे बघितलं आणि माझ्या छातीत धस्स झालं. ठिपका पुढे गेला होता. अरुंद घळीत उपग्रहाचे संदेश कातळावर आपटून उशिरा पोचतात आणि फोनचा हिशेब बिघडतो, हे मागाहून समजतं. त्या क्षणी दिसतं ते इतकंच, की ठिपका कडा उतरून खाली तीसेक मीटरवर, रेषेवर, व्यवस्थित उभा आहे. आम्ही वर होतो. मी मोहिमेच्या पुढे गेलो होतो.

"काका," भाची मागून डोकावली, "तुमचा फोन ब्लॅक अँड व्हाइट का आहे?"

तिने फोन घेतला, वरून बोट ओढलं, एक बटण दाबलं. करडी स्क्रीन रंगांत आली. डोंगर हिरवे झाले, केळदचा रस्ता पिवळा झाला, आणि ज्या तुटक रेषेवरून आम्ही तासभर उतरलो होतो ती निळी झाली. तिच्या डाव्या हाताला, बऱ्याच अंतरावर, एक दुसरी तुटक रेषा होती. ती तपकिरी होती आणि शहाण्या मुलीसारखी वळणं घेत कर्णवडीला गेली होती.

"निळं म्हणजे काय असतं?" बायकोने विचारलं. तिला माहीत होतं.

"पाणी," मेहुणा म्हणाला. त्याने उभ्या आयुष्यात एक नकाशा उतरवलेला नाही. "तुटक असलं म्हणजे फक्त पावसाळ्यात असणारं, असं असावं. नाही का, दाजी?"

मला अण्णांचे स्केचपेन आठवले. आठवले आणि मी ते मोठ्या निग्रहाने विसरलो, कारण आता वर चढायचं होतं.

चढण्याबद्दल फार लिहिण्यासारखं नाही. जे धोंडे उतरताना बसून पार केले ते चढताना मिठी मारून केले. सपाटीवर आलो तेव्हा दुपार कलली होती, पाणी संपलं होतं, आणि त्या तीन रचलेल्या दगडांशेजारी एक मावशी बसून चपलेतला काटा काढत होत्या. शेजारी बोचकं, बोचक्यातून एक कोंबडी मान काढून आमच्याकडे बघत होती.

"तकडं कुटं गेला हुता?" मावशींनी विचारलं. "तकडं तर ढोरं बी जात न्हाईत."

कोणीच बोललं नाही. मेहुण्याने माझ्याकडे बोट दाखवलं आणि मी फोनकडे. मावशींनी फोनकडे बघितलंच नाही. त्या कर्णवडीला लेकीकडे निघाल्या होत्या. कोंबडी जावयासाठी होती. त्या उठल्या, बोचकं डोक्यावर घेतलं आणि डावीकडच्या रुंद वाटेने चालू लागल्या, आणि आम्ही त्यांच्या मागून. त्या चालताना बोलत होत्या: इथे निसरतं, इथे मुळी धर, या जांभळीपाशी पाणी असतं पण आता आटलंय, त्या वळणापाशी गांधीलमाश्या असतात, आवाज करू नगा. या सगळ्यातलं एक अक्षरही माझ्या नकाशात नव्हतं. मी मधूनच फोन काढून बघितला. ठिपका तपकिरी रेषेवर होता. "मावशी, आपण बरोबर आहोत," मी सांगितलं.

"व्हय का?" मावशी म्हणाल्या. त्यांना बरं वाटलं असावं.

कर्णवडीत पोचलो तेव्हा ऊन डोंगराआड गेलं होतं. शाळेच्या कट्ट्यावर उभं राहिलं तर रेंज येते असं पोरांनी सांगितलं. मी कट्ट्यावर चढलो, विमानातून उतरलो आणि माग नोंदवणं बंद केलं. ॲपने माझं अभिनंदन केलं. नंतर लक्षात आलं की गाडी वर केळदला आहे. मढे घाट चढून तिथे पोचायचा बेत दुपारपर्यंतचा होता; अंधारात तो चढायची सूचना मी केली तेव्हा कोणी उत्तरही दिलं नाही. बायको, मेहुणा आणि भाची तिघं एकत्र जाऊन एका जीपवाल्याशी बोलली. माझ्याशी सल्लामसलत झाली नाही. जीपवाल्याने सांगितलेला आकडा मी इथे लिहीत नाही. मामांच्या पाचशेत आणि त्यात एवढी तफावत होती की मेहुण्याने तो दोनदा विचारून घेतला.

आणि मग आम्ही निघालो: डोंगराच्या पोटापासून लांब, वरंध घाट चढून, भोर, कापूरहोळ, चेलाडी फाटा, नसरापूर, वेल्हे, पासली. सकाळी ॲपने दाखवलेली ती हास्यास्पद निळी रेघ, उलट्या बाजूने, एक वळण न गाळता. घाटात वाघजाईपाशी भजी मिळाली, हे मात्र त्या मार्गाच्या बाजूने नोंदवलं पाहिजे. बायकोने दोन प्लेटी खाल्ल्या आणि दिवसात पहिल्यांदा समाधानाने म्हणाली, "हाच रस्ता चांगला होता."

रात्री उशिरा केळदला जीप थांबली तेव्हा मामा शेकोटीशी बसले होते. आम्ही दरीतून वर यायचे, ते पुण्याच्या बाजूने हेडलाइट लावून आलो. मामांनी आमच्याकडे बघितलं, जीपकडे बघितलं, दरीकडे बघितलं.

"लांबनं आलासा," ते म्हणाले.

मी अण्णांकडे बरेच दिवस गेलो नाही. ओपनस्ट्रीटमॅपमध्ये मामांचं घर आणि गोठा मात्र मी घरी बसून घातला; एवढं काम अचूक झालं आहे, कोणीही तपासावं. मग महिनाभराने एका संध्याकाळी त्या दुसऱ्या ॲपचा निरोप आला: तुमच्या मार्गावरून एक गट जाऊन आला. मी दचकलो. माग वर चढल्याचं मी विसरूनच गेलो होतो. कट्ट्यावर रेंज आली त्याच क्षणी तो गेला होता, नावासकट आणि वर्णनासकट. उघडून बघितला. लाल रेघ सपाटीवरून उजवीकडे वळते, घळीतून उतरते, कड्यावरून सरळ खाली जाते, डबक्याच्या पलीकडे तीसेक मीटरवर घुटमळते आणि त्याच कड्याने पुन्हा वर येते. ठिपक्याने जे जे केलं ते सगळं माझ्या नावावर होतं. खाली त्या गटाच्या म्होरक्याने लिहिलं होतं: 'मार्ग उत्तम. मधल्या कड्याला आम्हाला दोर, हार्नेस आणि हेल्मेट लागलं. आपण हा टप्पा सहकुटुंब, चढून आणि उतरून केलात, सलाम!'

बायकोला वाचून दाखवलं. तिने 'सहकुटुंब' हा शब्द पुन्हा वाचायला लावला.

वर्णन बदलणं भाग होतं. 'सोपी' हा शब्द मी त्याच रात्री काढला. 'कुटुंबासह' राहू दिला, कारण कुटुंब होतं. घळीत उजवीकडे वळू नये असंही ठळक लिहिलं. त्या म्होरक्याने मात्र एवढं कौतुक करून मार्गाला पाचपैकी चारच तारे दिले आहेत. एक तारा कशाबद्दल कापला, हे विचारणारा निरोप मी त्याला लगेच पाठवला. त्याचं उत्तर अजून आलेलं नाही. रेंजमध्ये नसावा.